लाडू आईच्या हातचे, बोलावणं बाकीच्यांना: सोसायटीच्या महिला मंडळाला खुलं पत्र

आमच्या सोसायटीच्या महिला मंडळाच्या अध्यक्ष वहिनी, कार्यकारिणीतल्या सगळ्या मैत्रिणी, आणि संक्रांतीचं हळदीकुंकू करणाऱ्या गावोगावच्या मंडळांना,

सप्रेम नमस्कार.

संक्रांत दहा दिवसांवर आली. परवा ग्रुपवर हळदीकुंकवाची तारीख पडली, वर्गणीचा क्यूआर कोड पडला, वाण म्हणून काचेचा डबा द्यायचा की कापडी पिशवी यावर चर्चाही सुरू झाली. निमंत्रणाचा मजकूर अजून यायचा आहे. तो यायच्या आत हे पत्र तुमच्यापर्यंत पोचावं म्हणून घाईने लिहायला बसले. नवरा गेलेल्या बायकांना आपण हळदीकुंकवाला बोलावत नाही, हा विषय मी गेल्या वर्षी मीटिंगमध्ये काढला होता, पण दोन वाक्यांतच माझा आवाज भरून आला आणि बोलणं तिथेच थांबलं. नंतर इतर इमारतींमधल्या, इतर गावांमधल्या मैत्रिणींशी बोलले. सगळीकडे थोड्याफार फरकाने हेच चालतं असं दिसलं, म्हणून पत्र सगळ्यांसाठी खुलं ठेवते आहे.

गेल्या संक्रांतीला तिळगुळाचे लाडू आमच्या घरी झाले होते, आठवत असेल. विकतचे नकोत, घरचे करू, असं ठरलं आणि कुणीतरी म्हणालं, "तुमच्या आईंच्या हातचे होतील तर काय बहार येईल!" मी घरी येऊन सांगितलं तेव्हा आईचा चेहरा उजळला. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला ती ओट्यापाशी उभी होती. तीळ मंद आचेवर भाजले, दाण्याचं कूट जाडसर ठेवलं, चिकीच्या गुळाचा पाक केला. पाण्यात थेंब टाकून त्याची गोळी टणक होते का ते तिने चार वेळा पाहिलं. लाडू गरम असतानाच वळावे लागतात. तिचे हात पोळत होते, पण बाहत्तराव्या वर्षी ती दोन दिवस हसतमुखाने वळत बसली. दोनशे लाडू झाले. मंडळाच्या दोघीजणी आल्या, डबे घेऊन गेल्या, "आजी, काय सुंदर झालेत!" म्हणाल्या.

आणि मग संध्याकाळी ग्रुपवरचं निमंत्रण मी पुन्हा उघडून वाचलं. "सर्व सौभाग्यवती महिलांनी अगत्याने उपस्थित राहावे."

आई आली नाही. तिने ते वाचलंही नव्हतं. वाचायची तिला गरजच नव्हती. मी साडी नेसत होते तेव्हा ती माझ्या निऱ्या धरायला खाली बसली. मी "तूही चल की" म्हणाले, तर "माझं काय काम तिथं, जा तू" म्हणाली. क्लबहाऊसमध्ये दिव्यांच्या माळा होत्या, सुगडं मांडली होती, त्यात ऊस, बोरं, हरभऱ्याचे घाटे, गाजराचे तुकडे, गव्हाच्या ओंब्या होत्या. उखाणे झाले. प्रत्येकीच्या हातावर आईचा लाडू ठेवला गेला. मला वाण दिल्यावर एकीने मायेने आणखी एक डबा पुढे केला आणि म्हणाली, "हा आईंना घरी न्या." तिच्या मनात काही वाईट नव्हतं, हे मला माहीत आहे. तो डबा मी घेतला. लिफ्टमध्ये आम्ही आणखी चौघी होतो, चौघींच्या कपाळांवर ओलं कुंकू होतं, आणि मला त्या डब्याचं ओझं झालं होतं.

आता आईबद्दल थोडं सांगते, कारण ती तुमच्यासाठी "अमक्या फ्लॅटमधल्या आजी" आहे, आणि ज्या ताटाबद्दल मी बोलते आहे त्या ताटाशी तिचं नातं तुमच्या-माझ्यापेक्षा जुनं आहे.

आईचं माहेर सांगलीकडचं, घरची शेती हळदीची. अक्षय्य तृतीयेच्या सुमारास लागण करायची आणि नऊ महिने जपायचं. पौषात पाला पिवळा पडून वाळू लागतो, म्हणजे नेमकी संक्रांत आली की रानात हळद काढायची वेळ झालेली असते. पाला कापायचा, कंद खणायचे, जेठे गड्डे बियाण्याला बाजूला काढायचे, हळकुंडं वेगळी करायची. मग मोठ्या काहिलीत हळद शिजवायची. त्या वाफेचा वास आठवडाभर केसांतून जात नसे, असं ती अजून सांगते. शिजलेली हळद पंधरा दिवस अंगणात वाळत पडायची. लहान पोरींचं काम ती राखायचं आणि हातांनी खालीवर करायचं. सांगलीजवळच्या हरिपूरला जमिनीखालच्या पेवांत व्यापाऱ्यांची हळद वर्षानुवर्षं राहायची, किडायची नाही. २००५ च्या महापुरात त्यातली बरीच पेवं निकामी झाली, तेव्हा माणूस गेल्यासारखी ती दोन दिवस गप्प होती. सांगलीच्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं, ती बातमी कापून तिने देवघराच्या कप्प्यात ठेवली आहे.

लहानपणी तिच्या हातांचा पिवळा रंग जानेवारी ते मार्च जात नसे. त्या हातांना हळद लावायची की नाही, हे आज आपण ठरवतो आहोत.

बाबा २०२१ च्या एप्रिलमध्ये कोविडने गेले. तुमच्यापैकी अनेकींनी तेव्हा आम्हाला दारापर्यंत डबे पोचवले, औषधं आणून दिली. ते मी कधी विसरणार नाही. बाबा दवाखान्यात होते, आई घरात विलगीकरणात, एकटी एका खोलीत. शेवटचं पाहणं झालं नाही. अंत्यसंस्काराला आम्ही पाच माणसं होतो. एरवी अशा वेळी जे घडतं ते करायला नात्यातली एकही म्हातारी तिथे येऊ शकली नाही. दहाव्याला नदीवर नेऊन बांगड्या फोडणं नाही, कुंकू पुसणं नाही, जोडवी काढून घेणं नाही. मला त्या दुःखातही मनात कुठेतरी वाटलं होतं, निदान यातून तरी आई सुटली.

चौदा दिवसांनी तिच्या खोलीचं दार उघडलं तेव्हा तिचे हात मोकळे होते. हिरव्या बांगड्या एका जुन्या रुमालात बांधून तिने कपाटात ठेवल्या होत्या, फोडल्या नव्हत्या. मंगळसूत्र त्याच रुमालात. कपाळ धुतलेलं. कुणीही सांगितलं नव्हतं. कुणी सांगायला तिथे नव्हतंच. मी विचारलं तेव्हा म्हणाली, "कुणीतरी करायचंच होतं, मीच केलं."

हे लिहिताना आजही माझा हात थांबतो. जी प्रथा तिच्यावर लादायला कुणी माणूस आलं नाही, ती तिने बंद दाराआड स्वतःवर लादून घेतली. म्हणून "आम्ही काही कुणाला अडवत नाही" हे उत्तर मला पुरत नाही. तिला कुणी अडवायची गरज उरलेली नाही. आपण काही न बोललो तरी तिला ऐकू येतं.

त्यानंतर बरोबर वर्षाने, ४ मे २०२२ ला, कोल्हापूर जिल्ह्यातल्या शिरोळ तालुक्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने ठराव केला. नवरा गेल्यावर बाईचं कुंकू पुसणं, मंगळसूत्र तोडणं, बांगड्या फोडणं, जोडवी काढणं या प्रथा आमच्या गावात बंद. राजर्षी शाहू महाराजांच्या स्मृतिशताब्दीचं ते वर्ष. त्याच कोल्हापूर संस्थानात महाराजांनी १९१७ मध्ये विधवा पुनर्विवाहाचा कायदा केला होता. लगोलग हातकणंगले तालुक्यातल्या माणगावनेही तसाच ठराव केला, आणि १७ मे २०२२ ला राज्याच्या ग्रामविकास विभागाने परिपत्रक काढून सगळ्या ग्रामपंचायतींना हेरवाडचा कित्ता गिरवायला सांगितलं. या ठरावामागे करमाळ्याचे सामाजिक कार्यकर्ते प्रमोद झिंजाडे यांचा पाठपुरावा होता. माझ्यामागे माझ्या बायकोवर या प्रथा लादू नयेत, असं प्रतिज्ञापत्र त्यांनी स्वतः करून ठेवलं. करमाळा तालुका म्हटलं की माझ्या मनात केम गाव येतं. केमचं कुंकू महाराष्ट्रभर जातं, देवळांबाहेरच्या दुकानांत त्याचे ढीग दिसतात. जो तालुका राज्याला कुंकू पुरवतो, त्याच तालुक्यातून ते पुसू नका असा आवाज उठला, याचं मला फार अप्रूप वाटतं.

पण वहिनी, ते परिपत्रक ग्रामपंचायतींसाठी आहे. पुण्यातल्या आपल्या बारा मजली इमारतीला ग्रामपंचायत नाही. आपल्याला कुणी परिपत्रक पाठवणार नाही. आपल्या इमारतीत डॉक्टर आहेत, प्राध्यापिका आहेत, दोघी वकील आहेत, मी बँकेत आहे. पाण्याच्या टँकरपासून दिवाळी पहाटपर्यंत आपण ठराव करतो, कार्यवृत्त लिहितो. या एका गोष्टीत मात्र आपण हेरवाडच्या मागे पडलो आहोत, आणि हे मी मनापासून, वाईट वाटून सांगते आहे.

ही लढाई आजची नाही हेही आपल्याला ठाऊक आहे. विधवाविवाहाला कायद्याची मान्यता १८५६ ची. १८९० मध्ये मुंबईत कामगार चळवळीचे नेते नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने नाभिक बांधव जमले आणि विधवांच्या डोक्यावर वस्तरा चालवणार नाही असं त्यांनी ठरवलं. मला ही घटना नेहमी फार मोठी वाटते. ज्यांच्या हातात वस्तरा होता त्यांनीच तो खाली ठेवला. धोंडो केशव कर्व्यांनी १८९३ मध्ये पंडिता रमाबाईंच्या शारदा सदनात शिकणाऱ्या गोदूबाईंशी, एका बालविधवेशी, लग्न केलं, तर त्यांच्या मुरुड गावाने त्यांना वाळीत टाकलं. त्या काळाच्या मानाने आपल्याकडे मागते आहे ते किती थोडं आहे! वाळीत कुणी टाकणार नाही, पोटापाण्याला धक्का लागणार नाही. आपल्या हातात फक्त दोन कोयऱ्यांचं ताट आहे.

आता तुमच्या बाजूने जे मला ऐकायला मिळालं त्याबद्दल.

पहिलं, "आम्ही बोलावतो, पण त्याच येत नाहीत." हे खरं आहे. मीही आईला चल म्हणाले होते आणि ती आली नव्हती. पण त्या "चल" मध्ये आणि बोलावण्यात फार अंतर आहे. तुम्ही नव्या सुनेला कसं बोलावता? तिच्या घरी जाता, दारात उभं राहून सासूला सांगता, "पहिली संक्रांत आहे, हलव्याचे दागिने घालून पाठवा." ती आली की तिला मध्ये बसवता. बोलावणं म्हणजे हे. निमंत्रणात "सौभाग्यवती" लिहायचं, आणि मग वाटेत भेटल्यावर "आजी, तुम्ही पण या हं" म्हणायचं, याला ती बाई बोलावणं समजत नाही. पन्नास वर्षं ज्या रिवाजात ती स्वतः वावरली, इतरांना ज्या रिवाजाने तिने बाजूला बसलेलं पाहिलं, त्याची भाषा तिला आपल्यापेक्षा चांगली कळते. "सौ." कुठे लागतं, "श्रीमती" कुठे, "गं. भा." कुठे, हे तिला पत्रिकेच्या एका नजरेत कळतं. २०२३ मध्ये राज्याच्या महिला व बालविकास मंत्र्यांनी विधवा शब्दाऐवजी "गंगा भागीरथी" वापरण्याचा विचार पुढे केला तेव्हा केवढी टीका झाली! नावामागचं बिरूद बदलून रांग बदलत नाही, हे तेव्हा आपणच एकमेकींना सांगत होतो.

दुसरं, "हळदीकुंकू हे सौभाग्याचं लेणं आहे, त्याचा अर्थच बदलेल." या म्हणण्याचा मी अनेक महिने विचार केला. मंगळसूत्र आणि जोडवी लग्नात मिळतात, हे मान्य. पण कुंकू? आई चार-पाच वर्षांची असताना आजी तिला न्हाऊ घालून परकर-पोलकं नेसवायची आणि कपाळावर कुंकवाचं बोट टेकवायची. आपल्याच हळदीकुंकवात छोट्या मुलींना आपण हौसेने कुंकू लावतो. तेव्हा त्यांचे नवरे कुठे असतात? जे नवऱ्याने आणलं नाही ते नवऱ्याबरोबर का जावं? आणि कुंकू तरी काय आहे? हळदीला चुना लागला की ती लाल होते. एकाच कंदाचे दोन रंग, दोन कोयऱ्यांत.

आणि जेजुरी आठवा. सोमवतीला गडावर भंडारा उधळतात तेव्हा पायऱ्या, दीपमाळा, माणसं सगळी पिवळी होऊन जातात. तो भंडारा म्हणजे हळदच ना? तिथे कुणी कुणाला विचारत नाही की बाई तुझा नवरा आहे का. बाबा गेल्यावर आई जेजुरीला गेली होती. खंडोबाच्या पायरीवर कुणा अनोळखी माणसाने मूठभर भंडारा उधळला आणि तिचं कपाळ, केस, पदर सगळं हळदीने भरलं. ती घरी येईपर्यंत तिने तो झटकला नाही. देवाच्या दारात जे चालतं ते क्लबहाऊसमध्ये का चालू नये?

तिसरं कारण कुणी मोठ्याने बोलत नाही. "कुणाच्या मनात येईल, शुभ कार्यात नको." ही भीती मी कमी लेखत नाही. ज्या बाईचा नवरा आजारी आहे, जिच्या घरी काहीतरी अघटित नुकतंच टळलं आहे, तिच्या मनात काय काय येत असेल ते मी समजू शकते. बाबा दवाखान्यात होते तेव्हा मीही देवापुढे काय काय बोलले होते. पण आईने सकाळ-संध्याकाळ तुळशीपुढे दिवा लावूनही बाबा गेले, आणि त्यात तिचा काही दोष नव्हता, हे तुम्ही सगळ्या मला सांत्वनाला आलात तेव्हा तुम्हीच म्हणाला होतात. दोष नसेल तर शिक्षा कशाची?

इथे मला माझी एक चूक सांगितली पाहिजे, नाहीतर हे पत्र अर्धं खोटं होईल. गेल्या संक्रांतीनंतर मी चिडले होते. रथसप्तमीला घरीच हळदीकुंकू ठेवलं, आठ-दहा जणींना बोलावलं आणि सगळ्यांसमोर आईला पाटावर बसवून तिच्या कपाळाला कुंकू लावायला गेले. मला वाटलं मी तिला न्याय देते आहे. आईने तोंड फिरवलं. तिचा हात कपाळावर गेला, डोळ्यांत पाणी आलं, आणि ती उठून आत निघून गेली. मी तिला काही विचारलंच नव्हतं. चार वर्षांपूर्वी तिचं कुंकू जसं तिला कुणी न विचारता गेलं होतं, तसंच मी ते तिला न विचारता परत आणत होते. तिचं कपाळ माझ्या रागासाठी नव्हतं.

सगळ्या गेल्यावर चौथ्या मजल्यावरच्या काकू थांबल्या. सत्तरीच्या आहेत, काका आहेत, सणवार अगदी काटेकोर करतात. मला वाटलं होतं त्यांनाच हे सगळ्यात खटकलं असेल. त्या आत गेल्या, आईच्या शेजारी पलंगावर बसल्या. आधी बराच वेळ हुरड्याबद्दल, गुडघ्यांबद्दल बोलत राहिल्या. मग हातातली कोयरी पुढे करून म्हणाल्या, "ताई, लावू का?" आई थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, "हळद लावा. कुंकू नको." काकूंनी हळदीचं बोट लावलं, ओटी म्हणून गहू आणि हरभरे दिले, आणि नमस्कारासाठी वाकल्या. आईने त्यांचे हात धरले. त्या दिवशी आईने तोंड धुताना कपाळ जपून धुतलं. मी पाहिलं.

तेव्हापासून मला कळतं आहे की उत्तर आईकडे आहे आणि ते उत्तर अर्धंही असू शकतं. कुणी म्हणेल हळद लावा, कुणी दोन्ही लावा म्हणेल, कुणी म्हणेल मला फक्त तिळगूळ द्या आणि इथे बसू द्या. कुणी नाहीच येणार, ती तिची मर्जी. आपलं काम दारापर्यंत जाऊन विचारण्याचं, आणि जे उत्तर येईल ते मान्य करण्याचं.

म्हणून मंडळाकडे माझं मागणं असं आहे. यंदाच्या निमंत्रणातून "सौभाग्यवती" शब्द काढा आणि "सोसायटीतल्या सर्व महिला" लिहा. पण एवढ्यावर थांबू नका, कारण "सर्व" मध्ये आपण नाही असं ज्यांना वाटतं त्यांच्या घरी दोघीजणी प्रत्यक्ष जा. आपल्या इमारतीत अशा अकरा बायका आहेत, मी मोजलं आहे. त्यातल्या तिघी चाळिशीच्या आतल्या आहेत. घटस्फोट झालेल्या दोघी आहेत, त्याही हळूहळू यायच्या बंद झाल्या. आणि नववीच्या पोरीलाही शिकवतात अशा आपल्या शिक्षिका मावशी, ज्यांनी लग्नच केलं नाही, त्यांना आपण गेल्या कित्येक वर्षांत साधं विचारलेलंही नाही. आपल्या घरांत भांडी-धुणी करणाऱ्या मावशी संक्रांतीच्या दिवशी आपलंच क्लबहाऊस झाडून जातात. त्यांच्याबद्दल वेगळं पत्र लिहावं लागेल, पण त्यांनाही बोलवा.

काही ठिकाणी विधवा महिलांसाठी वेगळ्या दिवशी हळदीकुंकू करतात. ज्यांनी ते सुरू केलं त्यांच्याबद्दल मला आदर आहे, कुठूनतरी सुरुवात लागते. पण आपल्याकडे वेगळा दिवस नको. वेगळी रांग नको, वेगळं वाण नको, "त्यांचा सत्कार" तर मुळीच नको. आईला शाल-श्रीफळ नको आहे. तिला चटईवर तुमच्या शेजारी बसायचं आहे, आणि लाडवात वेलदोडा जास्त झाला का ते ऐकायचं आहे.

ताट फिरवणाऱ्या मुलींना एवढंच शिकवा की प्रत्येकीसमोर थांबायचं आणि विचारायचं, "लावू का?" सगळ्यांनाच विचारायचं, म्हणजे कुणा एकीला वेगळं वाटणार नाही. मलाही विचारा. जिच्याकडे बघून हात आपोआप पुढे जातो तिलाही विचारा.

आणि उखाणे. मला माहीत आहे की हा भाग सगळ्यांचा आवडता आहे आणि तो बंद करा असं मी अजिबात म्हणणार नाही. नाव घ्यायची ती लाज, ती मजा आपल्या आज्यांपासून आली आहे. पण नाव घ्यायचा हक्क नवरा असेपर्यंतच असतो का? गेल्या महिन्यात मी आईला सहज विचारलं, तू लग्नात कोणता उखाणा घेतला होतास. ती लाजली. पन्नास वर्षांपूर्वीचा तिला आठवेना. मग दोन दिवसांनी भाजी निवडता निवडता स्वतःहूनच म्हणाली, नवा केलाय:

"हळद शिजली काहिलीत, वाळली अंगणात,
...रावांचं नाव अजून माझ्या बोलण्यात."

बाबांचं नाव तिने मोठ्याने घेतलं. साडेचार वर्षांत पहिल्यांदा. हा उखाणा तिने फक्त मला ऐकवला आहे. तो ऐकायला आणखी कुणी असावं असं तिला वाटतं की नाही हे मी विचारलेलं नाही, ते विचारणं तुमच्यासाठी ठेवलं आहे. ज्यांना नवऱ्याचं नाव घ्यायचं नसेल त्यांनी आईचं घ्यावं, लेकीचं घ्यावं, आपल्या गावाचं घ्यावं. यमक जुळलं की झालं.

मला पूर्ण कल्पना आहे की काही घरांत यावरून बोलणी होतील. एखादी सासू येणार नाही, एखादी सून तिला विचारून येईल. पहिल्या वर्षी त्या अकराजणींपैकी दोघी-तिघीच येतील, त्याही दाराजवळच्या खुर्चीवर बसतील. तरी चालेल. मी मंडळ सोडून जाणार नाही आणि वर्गणी भरणार नाही असंही म्हणणार नाही. वर्गणी आजच भरली आहे. लाडूही यंदा आमच्याकडेच होतील. आईने तीळ आणि चिकीचा गूळ मागवला आहे, दोनशेऐवजी अडीचशे करू म्हणते. रुमालात बांधलेल्या बांगड्यांबद्दल मी काही विचारत नाही, पण परवा ती कपाट आवरत होती.

डबे न्यायला शनिवारी सकाळी याल तेव्हा आमंत्रणही घेऊन या. मी त्या वेळी मुद्दाम बँकेत असेन, दार आईच उघडेल. तिला आजी न म्हणता नावाने हाक मारा, नाव दारावरच्या पाटीवर बाबांच्या नावाखाली आहे. उजव्या कानाने तिला कमी ऐकू येतं, जरा मोठ्याने बोला, आणि घाई करू नका. उत्तर द्यायला ती वेळ घेते.

तुमचीच,
मंडळाची एक सभासद